वाळूच्या कणाला उजेड आठवतो, म्हणजे नेमकं काय?

२३ जानेवारी २०२५ रोजी तमिळनाडूच्या मुख्यमंत्र्यांनी एक अहवाल जाहीर केला आणि दिवसभर वाहिन्यांवर एकच वाक्य फिरत राहिलं: तमिळ भूमीत लोखंड ५,३०० वर्षांपूर्वी वापरात होतं. थूथुकुडी जिल्ह्यातल्या शिवगळै इथल्या उत्खननावर हा दावा मुख्यतः उभा होता. त्यावर वाद झाले आणि अजून होतील. बातमीच्या पोटात मात्र एक ओळ होती, तिच्याकडे फारसं कुणी पाहिलं नाही. काही तारखा कोळशावरून रेडिओकार्बन पद्धतीने काढल्या होत्या आणि काही मडक्यांच्या खापरांवरून ल्युमिनेसन्स पद्धतीने. कोळशाचं आपण ऐकून असतो. पण खापराचं वय कशावरून काढणार? त्यात कधी जीव नव्हता आणि त्यावर तारीखही कोरलेली नाही.

कुंभाराच्या मातीत गारगोटीचे बारीक कण असतात आणि मडकं शेवटचं कधी तापलं याची नोंद त्या कणांमध्ये राहते. वाळूचा कण त्याहून नवलाचा. त्याच्यावर शेवटचं ऊन कधी पडलं, हे त्याच्याकडून काढून घेता येतं.

अनुभव साठवणाऱ्या खनिजाची कल्पना माणसाला फार आवडते. दगड हातात घ्यावा आणि शंभर वर्षांपूर्वीचा पाऊस ऐकू यावा, गेलेल्या माणसाच्या स्वयंपाकघरातला वास यावा. असं खनिज कुठेही नाही. पण खऱ्या खनिजांमध्ये जे साठतं ते मला या कल्पनेपेक्षा मोठं वाटतं, म्हणून ते नीट समजून घेऊ.

गारगोटीच्या आत जागा कुठून येते?

गारगोटी म्हणजे क्वार्ट्झ. सिलिकॉन आणि ऑक्सिजनचे अणू ठरलेल्या रचनेत बसले की ती तयार होते. निसर्गात ही रचना कधीच निर्दोष नसते. कुठे एखादा अणू नसतोच, कुठे सिलिकॉनच्या जागी ॲल्युमिनियम येऊन बसलेलं असतं. अशा दोषांच्या ठिकाणी इलेक्ट्रॉन अडकू शकतो. या जागांना 'सापळे' म्हणतात.

इलेक्ट्रॉनला त्याच्या जागेवरून उठवतं कोण? कोणत्याही माती-खडकात युरेनियम, थोरियम आणि पोटॅशियमचा किरणोत्सारी अंश थोडा का होईना, असतोच. शिवाय अवकाशातून वैश्विक किरण सतत येत असतात. असा किरण कणातून गेला की काही इलेक्ट्रॉन उठतात. बहुतेक लगेच परततात, थोडे सापळ्यात अडकतात. गारगोटीतले काही सापळे इतके खोल असतात की जमिनीतल्या साध्या तापमानाला इलेक्ट्रॉन तिथे लाखो वर्षं बसून राहतो.

बाहेर पडायला त्याला दोनच वाटा आहेत, भरपूर उष्णता किंवा उजेड. सुटलेला इलेक्ट्रॉन स्थिरावताना जवळची जास्तीची ऊर्जा टाकून देतो आणि तिच्यातला काही भाग प्रकाश होऊन बाहेर येतो. हा प्रकाश म्हणजे ल्युमिनेसन्स.

माणसाने तो फार पूर्वी पाहिला आहे. १६६३ साली रॉबर्ट बॉयलने एक हिरा अंधारात, अंथरुणात अंगाशी धरून उबवला आणि तो मंद उजळल्याची हकिगत लंडनच्या रॉयल सोसायटीला सांगितली. लहानपणी अंधारात दोन गारगोट्या एकमेकींवर घासून आपणही उजेड पाडलेला असतो. तो वेगळा. घासण्याच्या क्षणी तो तयार होतो, त्यात जुनं साठलेलं काही नसतं.

गळक्या नळाखालची बादली

एक नळ थेंब थेंब गळतो आहे आणि त्याखाली बादली आहे. बादलीत आत्ता किती पाणी आहे आणि दर तासाला किती पडतं, एवढं कळलं तर ती कधी रिकामी होती ते सांगता येतं. अख्खी पद्धत या एका भागाकारावर उभी आहे.

वाळूचा कण नदीत वाहत असतो, उन्हात येतो आणि त्याची बादली ओतली जाते. भर उन्हात गारगोटीतले उजेडाला हळवे सापळे काही सेकंदांत ते काही मिनिटांत रिकामे होतात. पुढे पूर येतो, कण गाळाखाली गाडला जातो. अंधार झाला. आसपासच्या मातीतले किरण चालूच असतात आणि बादली पुन्हा थेंबाथेंबाने भरू लागते. मडक्याच्या बाबतीत ऊन हवंच असं नाही, भट्टीची आच तेच काम करते.

भरलेली मात्रा 'ग्रे' या एककात मोजतात. एक किलो पदार्थाने किरणांतून एक ज्यूल ऊर्जा शोषली तर ती मात्रा एक ग्रे. साध्या गाळात हजार वर्षांत साधारण १ ते ५ ग्रे जमा होतात. समजा एका थरातल्या कणांत ३० ग्रे साठलेत आणि तिथली माती दर हजार वर्षांना ३ ग्रे देते, तर तो थर १०,००० वर्षांपूर्वी गाडला गेला.

वय काढण्यासाठी आधी उष्णतेची वाट वापरली गेली. १९५० च्या दशकात अमेरिकेत फॅरिंग्टन डॅनियल्स यांनी ती कल्पना मांडली, १९६० च्या दशकापासून ऑक्सफर्डमध्ये मार्टिन एटकिन यांनी ती खापरांवर पक्की केली. १९८२ साली अहमदाबादच्या भौतिक अनुसंधान प्रयोगशाळेतल्या अशोक सिंघवी आणि सहकाऱ्यांनी राजस्थानातल्या वाळूच्या टेकड्यांची वयं या मार्गाने काढली. थरच्या वाळवंटातली टेकडी कधी सरकत होती आणि कधी थांबली, हे तिच्याच वाळूला विचारता आलं, आणि ते काम आपल्या देशात झालं, याचा मला अभिमान आहे. मग १९८५ मध्ये कॅनडात डेव्हिड हंटले आणि सहकाऱ्यांनी उष्णतेऐवजी थेट उजेडानेच सापळे रिकामे करून दाखवले, आणि गाळाचं वय काढणं पुष्कळ सोपं झालं.

अंधारात काढायचं, अंधारातच मोजायचं

ज्या नोंदीला ऊन लागताच ती पुसली जाते, ती उचलायची कशी? उत्खननाच्या उभ्या कापात धातूची नळी ठोकतात. नळीच्या तोंडाशी असलेली वाळू उजेड पाहते, ती वाया जाते. आतली अंधारात राहते. दोन्ही टोकं बंद करून, काळ्या वेष्टनात गुंडाळून नमुना प्रयोगशाळेत येतो आणि तिथे मंद लाल उजेडात उघडला जातो. जुन्या फोटोच्या डार्करूमसारखंच वातावरण, फक्त इथे फिल्मची जागा वाळूने घेतलेली.

मग धुलाई. एका आम्लाने चुना जातो, हायड्रोजन पेरॉक्साइडने कुजलेली पानं-मुळं जातात आणि शेवटी अतिशय जहाल हायड्रोफ्लोरिक आम्लाने फेल्डस्पार नावाचं दुसरं खनिज काढून टाकतात. उरलेल्या शुद्ध गारगोटीवर निळा उजेड सोडला की कणांतून अतिनील प्रकाश बाहेर येतो. तो डोळ्यांना दिसत नाही, संवेदनशील उपकरण तो मोजतं. त्यानंतर त्याच कणांना प्रयोगशाळेतल्या किरणस्रोताने ठरावीक मात्रा देऊन पुन्हा मोजतात. किती मात्रेला किती उजेड येतो, हे त्या त्या कणापुरतं कळतं, आणि मूळच्या उजेडावरून मूळची मात्रा काढता येते. भागाकारातला खालचा आकडा, म्हणजे नळाचा वेग, आसपासच्या मातीतलं युरेनियम, थोरियम आणि पोटॅशियम मोजून ठरवतात. माती किती ओली होती, हेही धरावं लागतं, कारण पाणी किरणांचा काही भाग आपल्याकडेच ठेवतं.

मोजणं आणि पुसणं इथे एकच आहे. वाचलेला कण पुन्हा तेच सांगू शकत नाही. म्हणून नमुना पुरेसा घेतात आणि त्याचे अनेक छोटे भाग वेगवेगळे मोजतात.

कण गाडला जाताना बादली रिकामी होती, हे कशावरून?

ही शंका अगदी रास्त आहे. वाऱ्याने उडालेली वाळू ऊन खातच येते, तिथे चिंता नाही. पण रात्रीत आलेला पूर, गढूळ पाणी, दरड कोसळून झालेला ढिगारा, अशा ठिकाणी अनेक कणांना पुरेसं ऊन मिळालेलंच नसतं. त्यांच्या बादलीत आधीचं पाणी शिल्लक असतं आणि वय खऱ्यापेक्षा जास्त येतं.

त्यावर उपाय म्हणजे एकेक कण सुटा मोजणं. शेकडो कणांची वयं मांडली की दिसतं, काही कण एका आकड्याभोवती गोळा झालेत आणि काही त्याच्या कितीतरी पुढे विखुरलेत. नीट उजळून गाडले गेलेले कण त्यातून वेगळे काढता येतात. कधी वाळवी, उंदीर किंवा झाडाची मुळं वरचे कण खाली नेतात, तेही या विखुरण्यात सापडतं.

आणखी एक गोष्ट बातम्यांमध्ये हमखास सुटते. वय कळतं ते कण गाडला गेल्याचं. त्याच थरात दगडी हत्यार सापडलं तर हत्यार आणि थर एकाच काळचे आहेत, हे पुरातत्त्वज्ञाला वेगळं सिद्ध करावं लागतं. प्रयोगशाळेचा आकडा ते काम करत नाही.

एवढी मोठी चूक धरायची, तर विश्वास कसा ठेवायचा?

चेन्नईजवळ अत्तिरमपाक्कम नावाचं अश्मयुगीन स्थळ आहे. तिथली मध्य पुराश्मयुगीन हत्यारं साधारण ३,८५,००० वर्षांपूर्वीची असल्याचं संशोधन २०१८ मध्ये 'नेचर'मध्ये आलं, आणि त्या आकड्यापुढे अधिक-उणे ६४,००० असं लिहिलेलं होतं. चौसष्ट हजार वर्षं इकडेतिकडे! वाचणाऱ्याला हे खटकतं. पण वरची-खालची कुठलीही मर्यादा धरली तरी ती हत्यारं तीन लाख वर्षांच्या पलीकडेच राहतात, आणि भारतात हत्यारं घडवण्याचं असं तंत्र त्याहून खूप उशिरा आलं असं तोवर मानलं जात होतं. प्रश्न लाखांचा असेल तर हजारांची चूक उत्तर बिघडवत नाही. तोच आकडा दोन राजवटींमधला क्रम ठरवायला वापरला तर मात्र निरुपयोगी आहे. म्हणून बातमीत वय वाचलं की अधिक-उणे शोधावं. ते दिलेलं नसेल तर बातमी अर्धी आहे.

या पद्धतीत साधारण पाच ते दहा टक्के चूक नेहमीची मानतात. आणि बादलीला काठ असतो. सगळे सापळे भरले की पुढचे किरण नोंदवायला जागाच उरत नाही. गारगोटीत ही वेळ बहुतेकदा लाख-दीड लाख वर्षांच्या आसपास येते. फेल्डस्पारची बादली मोठी असते, अत्तिरमपाक्कमला तीच वापरली. रेडिओकार्बन पन्नास हजार वर्षांपाशी थांबतो आणि त्याला कोळसा, हाड असं काही सजीवाचं उरलेलं लागतं. वाळू मात्र जवळजवळ सगळीकडे असते.

सह्याद्रीच्या काळ्या पाषाणाची अडचण

जवळजवळ सगळीकडे, असं म्हटलं, कारण आपल्याकडे घोडं नेमकं इथेच अडतं. महाराष्ट्राचा मोठा भाग बेसाल्टचा आहे. बेसाल्टमध्ये गारगोटी जवळपास नसते, म्हणून दख्खनच्या पठारावर उगम पावणाऱ्या नद्यांच्या गाळात ती फार थोडी मिळते. फेल्डस्पार भरपूर, पण ज्वालामुखीतून आलेल्या फेल्डस्पारची बादली गळकी असते. त्यातले इलेक्ट्रॉन उजेड किंवा उष्णता न लागताही हळूहळू निसटतात. १९७३ मध्ये ॲन विंटल यांनी हा दोष दाखवून दिला. गळकी बादली वय कमी सांगते.

एकाच जागेची दोन उत्तरं किती लांब पडू शकतात, हे पाहायला बुलढाण्यातलं लोणार आहेच. उल्कापाताने झालेलं, सुमारे १.८ किलोमीटर व्यासाचं हे विवर. आघातात वितळून झालेल्या काचेच्या ल्युमिनेसन्सवरून १९९० च्या दशकात त्याचं वय सुमारे ५२,००० वर्षं आलं आणि ते वर्षानुवर्षं छापलं गेलं. २०११ मध्ये आर्गॉन वायूच्या समस्थानिकांवर आधारलेल्या दुसऱ्या पद्धतीने ५,७०,००० वर्षं आलं. दहा पटींहून जास्त. लोणारला जाणाऱ्या शाळांच्या सहलींना दोन्ही आकडे सांगावेत आणि ते का वेगळे येतात हेही सांगावं, असं मला मनापासून वाटतं. मुलांना ते समजतं.

बेसाल्ट मात्र दुसऱ्याच गोष्टीची पक्की नोंद ठेवतो. त्यात मॅग्नेटाइट नावाचं लोहखनिज असतं. लाव्हा थंड होत ५८० अंश सेल्सियसच्या खाली उतरला की हे कण त्या वेळच्या पृथ्वीच्या चुंबकीय क्षेत्राची दिशा धरून ठेवतात. सुमारे साडेसहा कोटी वर्षांपूर्वीच्या सह्याद्रीच्या लाव्हांमध्ये ही दिशा तपासली तेव्हा दोन गोष्टी निघाल्या. थरांच्या मोठ्या भागात चुंबकाचे ध्रुव आजच्या उलटे होते, आणि ही दिशा जमिनीच्या पातळीशी किती कललेली आहे, तो कोन सांगत होता की हा लाव्हा वाहिला तेव्हा ही भूमी विषुववृत्ताच्या दक्षिणेला, साधारण ३० अंशांवर होती. १९५० च्या दशकात, खंड सरकतात हे अनेक भूशास्त्रज्ञ मानायला तयार नव्हते, तेव्हा दख्खनच्या दगडांनी दिलेली ही साक्ष महत्त्वाची ठरली.

मग वास आणि आवाज?

वासाच्या बाबतीत खनिजं कल्पनेच्या बरीच जवळ जातात. उन्हाळ्यात झाडांतून सुटणारी तेलं सुकी माती आणि दगड शोषून घेतात. पहिली सर आली की मातीतल्या सूक्ष्म जिवांनी बनवलेल्या जिओस्मिनसोबत ती हवेत सुटतात. १९६४ मध्ये ऑस्ट्रेलियात इसाबेल बेअर आणि रिचर्ड थॉमस यांनी हे उलगडलं. कनौजचे अत्तरवाले तर भाजलेल्या मातीतून हा गंध पिढ्यान् पिढ्या चंदनाच्या तेलात उतरवत आले आहेत. पण इथे तारीख नाही, क्रम नाही. गेल्या वर्षीचा आणि यंदाचा वास दगड वेगळा ठेवत नाही.

आवाजाचं तेवढंही नाही. गारगोटीवर दाब पडला की तिच्यात किंचित वीज उत्पन्न होते, मनगटी घड्याळं याच गुणावर चालतात. मात्र दाब गेला की वीजही गेली. जुन्या वाड्याच्या भिंतींत बोलणी साठलेली असतात, या समजुतीला आधार देईल अशी कुठलीच नोंद त्या दगडात होत नाही.

यामागचं कारण साधं आहे. वास, आवाज, ऊब हे अनुभव मेंदूत घडतात. दगडाला मिळते ती फक्त ऊर्जा किंवा रेणू. वाळूचा कण एकच आकडा ठेवतो, मॅग्नेटाइट एकच दिशा. त्या दिवशी ऊन कोवळं होतं की रणरणतं, हे त्या आकड्यात कुठेच नसतं.

'मेमरी क्रिस्टल' आणि बाजारातले खडे

मग बातम्यांमधला 'मेमरी क्रिस्टल' काय आहे? इंग्लंडच्या साउदॅम्प्टन विद्यापीठात अतिशय सूक्ष्म लेझर स्पंदांनी सिलिकाच्या तबकडीत खुणा करून माहिती साठवतात. २०२४ मध्ये तिथल्या संशोधकांनी माणसाचा संपूर्ण जनुकीय आराखडा अशा तबकडीत लिहिल्याचं जाहीर केलं, आणि ती ऑस्ट्रियात हालस्टाटच्या मिठाच्या खाणीतल्या संग्रहात ठेवली आहे. नावात क्रिस्टल असलं तरी ती शुद्ध काच आहे. त्यात जे आहे ते माणसाने लिहिलेलं. काचेने आपणहून काही टिपलेलं नाही.

पुण्याजवळ वाघोलीच्या दगडखाणींतलं निळं कॅव्हनसाइट, नाशिक-जळगावकडचे ॲपोफिलाइट आणि स्टिलबाइट यांना जगभर मागणी आहे. संग्राहक आणि संग्रहालयं ते घेतातच, पण 'आठवणी आणि ऊर्जा धरून ठेवणारे' म्हणूनही ते महागात विकले जातात. स्टिलबाइट ज्या झिओलाइट गटातलं आहे त्या खनिजांच्या सूक्ष्म पोकळ्यांत पाणी आणि इतर रेणू खरोखर धरले जातात. माणसाची आठवण मात्र त्यात धरली जात नाही. दुःखात असलेल्या घरात कुणी असा खडा घेऊन आलं तर त्याच्या देखणेपणाचे पैसे द्यावेत, आठवणीचे देऊ नयेत.

हिरोशिमाची कौलं

बादलीत अचानक एका क्षणात पाणी ओतलं गेलं तर? ऑगस्ट १९४५ मध्ये हिरोशिमावर अणुबॉम्ब पडला, तेव्हा कुठल्या अंतरावर माणसांना किती किरणोत्सार लागला, हे मोजणारं उपकरण तिथे कुणाच्या घरात नव्हतं. छपरांवर कौलं मात्र होती. भाजलेली माती, तिच्यात गारगोटी. १९६० च्या दशकात जपानी शास्त्रज्ञांनी ती कौलं तापवून निघणारा उजेड मोजला आणि त्या क्षणाची मात्रा काढली. वाचलेल्या माणसांच्या आजारांचा अभ्यास अशा मोजमापांमुळे ठोस झाला.

आपल्या गावच्या एक्स-रे केंद्रातल्या तंत्रज्ञाच्या खिशाला जो छोटा बिल्ला लावलेला असतो, तो याच गुणावर काम करतो. भाभा अणुसंशोधन केंद्राने घडवलेल्या भारतीय बिल्ल्यात डिस्प्रोसियम मिसळलेल्या कॅल्शियम सल्फेटच्या चकत्या असतात. साधारण तीन महिन्यांनी त्या तापवून वाचल्या जातात आणि त्या माणसाने किती किरण घेतले ते कळतं. तो बिल्ला घरी विसरून कामावर येऊ नये, एवढ्यासाठी हे माहीत असायला हवं.

वाळू उपसली की काय जातं?

नदीतून वाळू उपसली की भूजल घटतं, काठ ढासळतात, याबद्दल आपण बोलतो. पुराच्या थरांचा कालक्रमही त्यात जातो, याबद्दल कुणी बोलत नाही. कोणत्या शतकात केवढा पूर आला, नदीने पात्र कधी बदललं, पावसाचं मान कधी कमी झालं, हे त्या थरांवरून काढता येतं. धरणाचे दरवाजे आणि पूररेषा आखणाऱ्यांकडे मोजून ठेवलेल्या नोंदी बहुतेक ठिकाणी शे-दीडशे वर्षांच्याच असतात. त्यापलीकडचं सांगणारी वाळू यंत्राने उचलून ट्रकमध्ये ओतली की भर दुपारी मिनिटभरात कोरी होते. ती पुन्हा नदीत आणून टाकली तरी मोजणी आजपासून सुरू.

विहीर खणताना, रस्त्यासाठी टेकडी कापताना किंवा घाटाच्या वळणावर जुना थर उघडा पडलेला दिसला, त्यात खापरं किंवा राख दिसली, तर तो खरवडून साफ करू नये. तालुक्याच्या तहसीलदारांना किंवा राज्याच्या पुरातत्त्व विभागाला कळवावं. थर उघडा पडून काही दिवस झाले असले तरी उशीर झालेला नसतो. ऊन वाळूत अगदी थोडंच आत शिरतं, हातभर आतले कण अजून अंधारातच असतात आणि नळी तिथपर्यंत पोचते.